दाराशी बसलेली

त्र्याहत्तर सालच्या माघात राजूरच्या वरच्या अंगाला एका वाडीत मी सिनेमा दाखवायला गेलो होतो. सरकारी गाडीवर ऑपरेटर होतो तेव्हा. शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या लावून भर दुपारी अंधार केला. आधी बियाण्यांचं रीळ लावलं, मग सात मिनिटांचं एक चित्रांचं. नुसत्या काळ्या रेघा. एक एकटी म्हातारी झाडते, चूल पेटवते, भाकरी थापते, भांडी घासते आणि दाराशी येऊन बसते. बस्स. ना बोलणं, ना गाणं.

मशीनची खरखर आणि घोंगड्यांचा मेंढरट वास, एवढंच होतं खोलीत. पडद्याच्या अगदी पुढ्यात एक म्हातारी बसली होती. रीळ संपलं तशी ती माझ्याकडं वळली.

"फुडं काय व्हतं तिचं? कुनी येतं का?"

मला चहाची घाई. म्हणालो, "कोण येणार? तुमच्याकडं येतं का कुणी?"

सगळी शाळा हसली. पुंजाराम गुरुजीसुद्धा. म्हातारी उठली. भिंत धरून बाहेर गेली.

चहाचा कप खाली ठेवला. गुरुजींना विचारलं, "कोण हो त्या?"

"गोजरबाई. कडेचं घर तिचं. एकटीच असते."

"चला, माफी मागतो त्यांची."

दाराला आतून कडी होती. हाका मारल्या... मग फटीतून वास आला. गुरुजींनी नाकाला उपरणं लावलं. दोघा-तिघांनी मिळून दार उचकटलं. गोजरबाई चुलीपाशी आडवी पडली होती. तीन-चार दिवस झाले असावेत.

"चार दिस धूर दिसला न्हाई," शेजारची लंकाबाई पुटपुटली. "मला वाटलं, लेकीकडं गेली आसंल..."

कुणी कुणाकडं बघेना. गुरुजी माझ्या कानाशी आले.

"मग मघाशी... आपण हसलो कुणाला?"

डावीचा तुटका अंगठा तारेनं बांधलेल्या माझ्या चपला पायातच राहिल्या, मला आत पाऊल टाकवलं नाही. मान खाली घालून गाडीत जाऊन बसलो, ती नगर येईपर्यंत वर केली नाही.

कचेरीत रीळ मोजून घेणारे श्रीमंतराव म्हणाले, "हे चित्रांचं रीळ वीस फूट जास्त भरतंय. फिल्म चिकटवल्याचा जोड तर कुठंच नाही."

मी शेवटचा तो जादा तुकडा खिडकीच्या उजेडात धरला. त्याच काळ्या रेघा. म्हातारी नव्हती. नुसतं उघडं दार, आणि उंबऱ्याबाहेर काढून ठेवलेल्या माझ्या चपला. डावीच्या अंगठ्याला तीच तार बांधलेली.