आधी बाटली की आधी हात?

"एक... दोन... टोच!"

वकिलाने टाचणी टोचली. फट्! पाण्याने भरलेला लाल फुगा फुटला आणि वकील नखशिखांत भिजला.

"झालं? एवढंच?" शेपूट हिरमुसली. "मला तर काहीच दिसलं नाही!"

"दिसेल. या इकडे," म्हणत कॅमेराताईने पडदा वळवला. आणि तिघांचे डोळे विस्फारले! टाचणी लागताच फुग्याचं रबर सालासारखं सोलून मागे गेलं. पाणी मात्र तसंच, गोल गरगरीत, हवेत उभं राहिलं. फुगा गेला याची त्याला जणू खबरच नव्हती! मग कुठे ते सावकाश खाली ओघळायला लागलं.

"हा कॅमेरा एका सेकंदात दोन हजार फोटो काढतो," ताई म्हणाली. "मग ते आपण सावकाश बघायचे. म्हणून डोळ्याला न दिसणारंही दिसतं."

वकील हे टोपणनाव; तो भिंगरीच्या मावशीचा मुलगा. वय वर्षं तेरा, पण वाद घालायला समोर कुणी नसलं तर तो विजेच्या खांबाशीही घालेल. शेपूट त्याची दहा वर्षांची बहीण, सतत त्याच्या मागे. आणि भिंगरी बारा वर्षांची, सुट्टीसाठी मावशीकडे आलेली. वरच्या मजल्यावरची कॅमेराताई जाहिराती बनवायची. सॉसचा थेंब कसा उडतो, काच कशी तडकते, असलं सगळं टिपायची. त्यामुळे सुट्टीभर तिघांचा मुक्काम तिच्याकडेच होता.

खाली दार वाजलं. मावशी कामावरून आली होती. तिघं धावत जिन्याने उतरली आणि जागच्या जागी थबकली. मावशी पायातले बूटही न काढता खुर्चीत बसली होती.

"आई, काय झालं?" शेपटीने विचारलं.

"शनिवारपासून मला लाइनवरून काढताहेत. गोदामात पाठवणार," मावशी म्हणाली. "माझा हात लागून बाटल्या पडतात म्हणे!"

मावशी फळांच्या रसाच्या कारखान्यात कामाला होती. भरलेल्या काचेच्या बाटल्या झाकणं लागून पट्ट्यावरून पुढे येत, तिथे ती बारा वर्षं उभी राहत होती. एखादी बाटली डुलली की सावरायची, हे तिचं काम. त्या जागेचा तिला फार अभिमान होता.

"तुझा हात लागतो?" भिंगरी उसळली. "कोण म्हणतं?"

"सुपरवायझर साहेब. मोबाइलवर फिल्म काढून मलाच दाखवली. अगं, बाटली आधी डुलते, मग मी हात घालते. पण ऐकतं कोण?"

ती फिल्म मावशीच्या फोनवरही होती. तिघांनी ती दहा वेळा बघितली. बाटली येते, मग हाताचा आणि बाटलीचा एकच धूसर पट्टा दिसतो, आणि बाटली खाली! आधी कोण आणि नंतर कोण, कळायला मार्गच नाही.

"म्हणजे पुरावाच नाही," वकील म्हणाला. "उचलली जीभ अन् लावली टाळ्याला!"

भिंगरी अजून फोनकडेच बघत होती. मागच्या वर्षी तिच्या आईचं ऑपरेशन झालं, तेव्हा दिवसा दवाखान्यात बसता यावं म्हणून मावशीने दोन महिने रात्रपाळी मागून घेतली होती. डोळे तांबारलेले असायचे, पण सकाळी भिंगरीची वेणी घालूनच ती दवाखान्यात जायची. त्याबद्दल भिंगरी तिच्याशी कधी एक शब्दही बोलली नव्हती. आता तिला एकदम भरून आलं.

"ताईचा कॅमेरा!" ती ओरडली. "फुगा दिसला तर बाटली का नाही दिसणार?"

सुट्टीत दर बुधवारी कामगारांच्या मुलांना कारखाना बघता यायचा. दुसऱ्या दिवशी बुधवारच होता! तिघं दहा वाजता फाटकावर हजर. सुपरवायझर साहेबांनी स्वतः त्यांना फिरवलं. माणूस वाईट नव्हता. पण बोलायला लागला की थांबायचा नाही, आणि त्याच्या खोलीतला पंखा सुतळीने बांधलेला होता.

"हे काय?" शेपटीने बोट दाखवलं.

"ते तात्पुरतं आहे," साहेब म्हणाले.

दाराची मूठ चिकटपट्टीने लपेटली होती. तीही तात्पुरती. खुर्चीच्या चौथ्या पायाखाली विटेचा तुकडा होता, तोही तात्पुरताच!

"आणि ही आमची लाइन!" साहेबांनी छाती फुगवली. "मिनिटाला दोनशे बाटल्या! काय तो वेग! परवा मालकीणबाई येताहेत बघायला."

वकिलाने संधी साधली. "साहेब, आमच्या वरती एक ताई राहते. तिच्याकडे हाय-स्पीड कॅमेरा आहे. तुमच्या लाइनची फिल्म काढली तर..."

"हाय-स्पीड?" साहेबांचे डोळे चमकले. "म्हणजे वेगाची फिल्म! वा! मालकीणबाई खूश होतील. उद्याच या!"

वकिलाने तोंड उघडलं, भिंगरीने त्याला जोरात चिमटा काढला, आणि वकिलाने तोंड मिटलं. आयुष्यात पहिल्यांदाच त्याने कुणाची चूक दुरुस्त केली नाही!

गुरुवारी कॅमेराताईने, पट्ट्याजवळ कुणी जाऊ नये म्हणून जमिनीवर आखलेल्या पिवळ्या रेषेच्या अलीकडे कॅमेरा उभा केला. एवढ्या झटपट फोटो काढायचे तर उजेड भरपूर लागतो, म्हणून दोन मोठे दिवे लावले. पट्ट्यापाशी मावशी उभी होती. तिचा चेहरा उतरला होता.

"मावशी, रोजच्यासारखंच कर," भिंगरीने लांबूनच सांगितलं.

संध्याकाळी ताईच्या खोलीत पडद्यावर बाटल्या सरकू लागल्या. हळू, अगदी हळू. एक आली, दुसरी आली. कुणाला काहीच वावगं दिसेना. आठवी आली. बाटली डुलली!

"थांब, थांब! मागे घे!" भिंगरी खुर्चीवर चढली. "बाटलीकडे बघू नका. बाजूच्या कठड्याकडे बघा!"

बाटल्या सरळ रेषेत जाव्यात म्हणून पट्ट्याच्या बाजूने एक लोखंडी कठडा होता. झाकण लावणारा दांडा खाली आपटला, की मधूनच कठडा बोटभर आत उसळत होता आणि शेजारच्या बाटलीच्या कमरेत ढोसत होता. डोळ्याचं पातं लवायच्या आत तो पुन्हा जागेवर! बाटली डुलली, कलली, आणि तेव्हा कुठे पडद्याच्या कडेने मावशीचा हात आत आला.

"आधी बाटली!" वकील किंचाळला. "मग हात!"

"पण कठडा हलतो कसा?" ताईने चित्र मोठं केलं. कठड्याच्या बुडाशी बोल्ट असायला हवा होता. तिथे बोल्ट नव्हताच. होती एक पुठ्ठ्याची घडी, रसात भिजून फुगलेली.

तिघांनी एकमेकांकडे बघितलं. "तात्पुरतं!" तिघंही एकदम म्हणाली आणि हसून हसून खाली बसली.

"चला, साहेबांना दाखवू," शेपूट म्हणाली.

"म्हणजे ते गुपचूप बोल्ट बसवतील आणि आई जाईल गोदामात!" वकील म्हणाला. "त्यांनी मालकीणबाईंसाठी फिल्म मागितली आहे ना? मग साहेबांनाच ती दाखवू दे."

"चालेल," ताई म्हणाली. "पण काटछाट काही करायची नाही. जे आहे ते जसंच्या तसं."

शुक्रवारी सभेच्या खोलीत मालकीणबाई पुढे बसल्या होत्या. मागे कामगार, त्यांत मावशी. ताई आणि तिघं मुलं भिंतीशी. साहेबांनी घसा खाकरला.

"बाई, आता बघा आपल्या लाइनचा वेग!"

पडद्यावर एक बाटली गोगलगायीच्या चालीने सरकू लागली. खोलीत खसखस पिकली.

"हे काय?" साहेब गोंधळले. "हाय-स्पीड म्हणाला होतास ना रे?"

"कॅमेरा हाय-स्पीड आहे, साहेब," वकील नम्रपणे म्हणाला. "बाटल्या तुमच्याच आहेत."

दांडा आपटला. कठडा उसळला. बाटली डुलली. मग हात आला, त्याने तिला अलगद धरलं आणि सरळ उभं केलं. हसू थांबलं.

"परत लावा," मालकीणबाई म्हणाल्या. त्यांनी तीनदा फिल्म बघितली. "पडलेल्या किती?"

"एकूण नऊ बाटल्या डुलल्या," भिंगरी म्हणाली. "दोन पडल्या. सात मावशीने वाचवल्या. हात लागून एकही पडली नाही!"

"आणि हा पुठ्ठा कुणी लावला?"

साहेबांनी कपाळाचा घाम पुसला. "मीच, बाई. बोल्ट तुटला होता. तात्पुरता लावला होता..."

"कधी?"

"झाले... चार महिने."

मालकीणबाई उठून मावशीसमोर गेल्या. "बाई, चूक आमची झाली. चार महिने तुमचा हात आमचं नुकसान वाचवत होता आणि आम्ही त्यालाच दोष देत बसलो. तुमची जागा तुमचीच. आणि यापुढे चालू पट्ट्यावर कुणाला हात घालायची वेळच येणार नाही, हे मी बघते."

साहेबही मावशीपुढे आले. "ताई, मला माफ करा," ते खरंच ओशाळून म्हणाले. "मी हात बघितला, कठडा बघितलाच नाही."

मावशी मात्र अजून पडद्याकडेच बघत होती. "माझे हात असे चालतात?" ती पुटपुटली. "मला तर ठाऊकच नव्हतं."

"शाबास रे पोरांनो!" मालकीणबाई वळल्या. "आणि कॅमेरावाल्या ताई, तुम्हीही. आमच्या इंजिनीअरांना जे सुचलं नाही ते या तिघांना सुचलं. बोला, काय हवं तुम्हाला?"

शेपूट काहीतरी मागणार होती, पण भिंगरी आधी बोलली. "एक बोल्ट."

सगळे हसले. बोल्ट मात्र लगेच आला. साहेबांनी स्वतः गुडघे टेकून तो बसवला, वर दोनदा कठडा हलवून बघितला. मग मावशीने हिरवं बटण दाबलं.

बाटल्या खळखळत निघाल्या. मावशी तिच्या जागेवर उभी राहिली, हात सवयीने पुढे केलेला. पन्नास गेल्या. शंभर गेल्या. एकही डुलली नाही. हाताला काही कामच उरलं नाही, तसा तो हळूच खाली आला आणि पिवळ्या रेषेपाशी उभ्या असलेल्या भिंगरीच्या खांद्यावर विसावला.

"मावशी," भिंगरी म्हणाली, "थँक्यू."

"अगं, हे काय? आज तर मी तुला म्हणायचं!"

"आजचं नाही. आईच्या वेळचं. तेव्हा राहून गेलं होतं."

"वेडी कुठली!" मावशी म्हणाली आणि चटकन बाटल्यांकडे बघायला लागली. पण खांद्यावरचा हात तिने काढला नाही.