चादरीची कड

तो फोटो विकायचा नाही. का, ते विचारलंत म्हणून सांगते. मग हवं तर मला वेड्यात काढा.

माझं काम तुम्हाला ठाऊक आहे. रद्दीवाल्याकडून अनोळखी माणसांचे जुने फोटो आणायचे आणि त्यांवर रंगकाम करायचं. त्यातही मला तान्ह्या बाळांचे फोटो हवे असतात. स्टुडिओत बाळ एकटं बसेना, की आईलाच खुर्चीत बसवून तिच्यावर चादर टाकायचे आणि बाळ तिच्या मांडीवर. फोटोत आई म्हणजे नुसता चादरीचा ढीग. मी त्या चादरीवर बाईचा चेहरा रंगवते. लोक कौतुक करतात.

गेल्या महिन्यात एका दुपारी नेहमीसारखा गठ्ठा सोडला. एका बाळाच्या डाव्या गुडघ्यावर चिंचोक्याएवढी जन्मखूण होती. तशीच माझ्या गुडघ्यावर आहे.

मी वर्षाची व्हायच्या आत आई गेली आणि बाबांनी तिचे सगळे फोटो घराबाहेर काढले, एवढंच मला माहीत होतं. मी फोटो आत्याला दाखवला. तिने चष्मा लावून तो खिडकीच्या उजेडात धरला.

"तूच ही. आणि चादरीखाली वहिनी... तिचा चेहरा झाकला की तू भोकाड पसरायचीस."

चाळीस वर्षं मी ज्या चेहऱ्यासाठी तळमळले, तो एका चादरीपलीकडे होता. शेवटी ब्रश घेतला. आरशात बघून माझेच डोळे, माझंच नाक रंगवलं. सकाळी रंग पुसलेला होता आणि खोलीत अंगावरच्या दुधाचा वास येत होता. पुन्हा रंगवला, तोही पुसला गेला. पोटच्या पोरीने भलताच चेहरा चिकटवलेला कुठल्या आईला चालेल?

मी टेबलाशी बसून हळूच म्हटलं, "मला नाही गं आठवत... तूच दाखव ना."

मागे खळ घातलेलं कापड सरकल्यासारखा आवाज झाला. वळून बघितलं, तर कुणी नव्हतं. फोटोत मात्र चादरीची कड आतून दोन बोटांनी उचलली होती, आणि बाळाने त्या फटीत डोकं घातलं होतं.

तिला आई दिसत होती. मला दिसत होती फक्त त्या पोरीची पाठ. स्वतःचाच इतका हेवा कुणाला वाटला नसेल.

तेव्हापासून ती रोज थोडी आत सरकते. आज बाहेर डावं पाऊल तेवढं उरलंय. आणि सकाळी आंघोळीला बसले, तर माझ्या गुडघ्यावर खूण नव्हती.

आत्या म्हणते, जाळून टाक तो फोटो. मी मात्र केस विंचरून तयार बसले आहे. भीती नाही वाटत. एवढं वय झालेल्या मुलीला ती ओळखेल ना, हीच काय ती धाकधूक.