उन्हाळ्याचा अर्धा तांब्या

"तुम्ही... तुम्ही इथं कशा?"

मला बघून तो अक्षरशः ओरडला. मोखाड्याच्या स्टँडवर खोडाळ्याहून आलेल्या जीपमधून तो उतरत होता, मी चढत होते, आणि आमच्यामध्ये एका बाईची कोंबड्यांची टोपली. कोंबड्या शांत होत्या. ओरडत होता तो.

"का? जीप तुमच्या बापाची आहे?"

"पण मी आत्ता तुम्हाला खोडाळ्याच्या बाजारात सोडून आलो! हाच निळा ड्रेस, नाकात हीच चमकी—"

"मी सकाळपासून मोखाड्यात आहे. कॉलेजात पेपर होता. काय बोलले म्हणे मी?"

तो कानापर्यंत लाल झाला. "म्हणालात... तू मला आवडतोस."

पोरींशी ओळख काढायच्या बऱ्याच तऱ्हा मी पाहिल्यात, ही नवी होती. मी त्याला पायातली चप्पल दाखवली आणि जीपमध्ये बसले. तरी वळून पाहिलंच. डोळे छान होते मेल्याचे.

सूर्यमाळला घरी पोचले, तर रखमीवहिनी दारातच कमरेवर हात ठेवून उभी.

"काय गं प्रगती, खोडाळ्याला कोन पोरगा व्हता तो? भर बाजारात त्याच्याशी हसून बोलत व्हतीस. मी हाक मारली तं वळून बघलं बी नाय!"

माझ्या हातातली पिशवी खाली पडली. वहिनी चुगली करते, पण खोटी कधीच नाही.

पुढच्या पेपरला तो स्टँडवर उभाच होता. या वेळी मीच त्याला गाठलं. नाव धनेश. मूळचा खोडाळ्याचा, मुंबईला भौतिकशास्त्रात संशोधन करतो. चहाच्या टपरीवर बसलो.

"जगं अनेक आहेत असं समजा," तो म्हणाला.

"समजलं. पुढं?"

"इतक्या लवकर?"

"या एका जगाचा मला वीट आलाय, म्हणून लगेच पटलं."

तो हसला, मग एकदम गंभीर झाला. "एकाच गोष्टीचं हो आणि नाही, दोन्ही एका जगात मावत नाहीत. अशी विसंगती झाली, की ती दोन जगांमधली हद्द ओलांडते. तिकडचं काहीतरी इकडं येतं. हा माझा सिद्धांत. लोक हसतात त्याला. आणि परवा तो माझ्यासमोर चालत आला... निळ्या ड्रेसमध्ये. तुमचं हो आणि नाही कुठंतरी एकाच वेळी झालंय. आठवा."

आठवायला कशाला हवं? तेच तर छातीवर धोंड्यासारखं बसलं होतं.

आमच्या पाड्यावर मुलगी बघायला आलेल्यांना पाणी मुलगीच देते. तांब्या काठोकाठ दिला तर होकार, अर्धा दिला तर नकार. तोंड उघडायचं काम नाही. कमलेशच्या घरचे आले, तेव्हा मी अर्धा दिला. पण दिवस उन्हाळ्याचे. विहिरीनं तळ गाठलेला, टँकरची वाट बघणारं अख्खं गाव पाहुण्याला अर्धाच तांब्या देतं! बाबा हसून म्हणाले, "उन्हाळ्याचा अर्धा म्हंजे भरल्यालाच समजा!" मी नाही म्हटलं आणि सगळ्यांनी हो ऐकलं. मी गप्प राहिले. आता रविवारी सुपारी फुटणार होती.

धनेशचा चहा शर्टावर सांडला. "म्हणजे तिकडच्या तुम्ही तोंडानं नाही म्हणालात. आणि मोकळी झालीस... झालात."

"झालीस चालेल," मी म्हटलं.

मग प्रत्येक पेपरनंतर आमचा चहा ठरलेला. मला तो आवडायला लागला होता. इतका, की त्याला तिकडचा धनेश समजून सरळ 'आवडतोस' म्हणणाऱ्या त्या बयेचा मला चक्क हेवा वाटायचा. शेवटच्या पेपरला तो खालमानेनं म्हणाला, "तोंडानं नाही म्हण. विसंगती मिटेल. पण मिटताना ज्यानं ती पाहिली, त्याच्या आठवणीतून काहीतरी घेऊन जाईल. काय नेईल, ते माझ्या गणितात येत नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे... कदाचित तू."

"मग मी नाही सांगत काही!"

"सांग. मी विसरलो तरी चालेल. तू गप्प बसून नको तिथं नांदलेली मला नाही चालणार. रविवारी मी येतो, अंगणाबाहेर उभा राहतो."

रविवारी पाहुणे ओसरीवर बसले. बाबांनी सुपारी हातात घेतली आणि मी पुढं झाले.

"बाबा, मी अर्धा तांब्या दिला तो नाय म्हनूनच. मला हे लगीन नाय करायचं."

"आन ह्ये तू आता सांगतीस?" बाबा पुटपुटले. त्यांची मान खाली गेली, आणि ती माझ्यामुळं गेली, हे मला फार लागलं. कमलेशची आईच शेवटी बोलली, "बरा केलास बाय. लगीन झाल्यावर सांगितला असतास तं?"

मी अनवाणीच अंगणाबाहेर धावले. धनेश मोहाच्या झाडाखाली डोळे चोळत उभा होता, झोपेतून उठल्यासारखा.

"धनेश... ओळखलंस मला?"

तो बघतच राहिला.

"असं काय विचारतेस, प्रगती? पाय भाजतील, सावलीत ये."

मी मटकन खालीच बसले. हसू आणि रडू एकदमच आलं. "बघ, काही नेलं नाही! चुकला तुझा सिद्धांत!"

"कसला सिद्धांत?"

मला वाटलं, चेष्टा करतोय. मी सगळं सांगितलं, त्याच्याच शब्दांत. तो तोंड उघडं टाकून ऐकत होता.

"भन्नाट आहे! कुणाचं संशोधन आहे हे?"

इतक्या वर्षांची मेहनत डोक्यातून पुसली गेली होती, आणि मी तेवढी उरले होते. इतका आनंद झाला, की माझी मलाच लाज वाटली. वहिनी काय विसरली ते अजून कळलेलं नाही. चुगली मात्र विसरलेली नाही.

"तुझंच आहे, वेड्या," मी म्हटलं.

तो पांढराफटक पडला. माझ्या शेजारी मातीत बसला. "मग तुला कसं आठवतंय?"

"मी ती विसंगती पाहिली कुठं? मी नुसतं तुझ्याकडून ऐकलं."

"मला परत सांग. नीट, सुरुवातीपासून."

"सांगते. सुरुवात म्हणजे, मी तुझ्याशी लग्न करणार आहे. बाकीचं मागाहून."

धनेशला ठसका लागला. हो म्हणायला त्यानं बराच वेळ घेतला, पण तोंडानं म्हणाला.