सरकलेली संक्रांत

"मॅडम, संक्रांत सरकते, मग तुमचं पानिपत का नाही सरकत?"

प्रश्न विचारून झाला आणि तेजल गिरासेच्या कानाच्या पाळ्या गरम झाल्या. मागच्या रांगेत हर्षदाने तोंडात ओढणी कोंबली. शहाद्याहून येताना बसमध्ये पैज लागली होती. सगळ्यांसमोर, माईक हातात घेऊन हाच प्रश्न विचारायचा, नाहीतर सहलीभर सगळ्यांची दप्तरं तेजलने उचलायची. मागच्या वर्षीची तेजल गुपचूप दप्तरं उचलून मोकळी झाली असती. पण नववीत रोज परिपाठाला दिनविशेष वाचून वाचून तिचा आवाज असा काही सुटला होता, की आता तो तिचाच तिला आवरत नव्हता.

तोरणमाळच्या पठारावर, त्या पांढऱ्या घुमटात, २०६१ सालच्या चौदा जानेवारीची दुपार धुक्यासारखी तरंगत होती. पानिपतला आज तीनशे वर्षं झाली होती. मधोमध जुन्या काळाचे आवाज ऐकवणारी कालश्रवणी होती, विहिरीएवढी काचेची वाटी, आत निळसर उजेड. केंद्रप्रमुख डॉ. सुनंदा वळवींनी सकाळीच सांगितलं होतं, "सूर्याभोवती कृष्णद्रव्याची एक न दिसणारी साय आहे. सूर्य तिला सोबत घेऊनच फिरतो. पृथ्वी तिच्यातून जाते, तेव्हा इथला प्रत्येक थरथराट त्या सायीवर उमटून राहतो. तो कंपठसा. वर्षाने पृथ्वी परत त्याच जागी येते आणि जुन्या ठशावर नवा थर बसतो. एकाच तारखेच्या सगळ्या गोष्टी एकाखाली एक, गोधडीसारख्या!"

मग त्यांनी १९९४चा थर उघडला होता आणि नामविस्ताराचा जल्लोष घुमटात असा उसळला, की मुलंही उठून ओरडायला लागली. पण १७६१चा थर उघडला, तर तोफ नाही, टाप नाही. नुसती खरखर. जुने ठसे पुसले जातात, असं वरिष्ठांचं मत होतंच. आज संध्याकाळपर्यंत पानिपत ऐकू आलं नाही, तर केंद्राला टाळं लागणार होतं. वळवी मॅडमची वीस वर्षं त्या वाटीत होती.

"सरकते म्हणजे? बोल पोरी, घाबरू नकोस," मॅडम म्हणाल्या.

"घाबरले नाहीये मी! परवा बारा जानेवारीचा दिनविशेष वाचला ना मी, जिजाऊंचा जन्म, विवेकानंदांचा जन्म. विवेकानंद जन्मले १८६३ला, आणि त्या दिवशी संक्रांत होती. बाराला! यंदा चौदाला आहे. गेल्या वर्षी तर पंधराला होती. आईला विचारलं, तर म्हणते, मला काय विचारतेस, कॅलेंडरवाल्यांना विचार."

घुमटभर हशा पिकला. सहलीसोबत आलेल्या पालकांच्या खुर्च्यांमध्ये पप्पांशेजारी बसलेल्या तेजलच्या आईने पदराने चेहरा झाकला. पण वाटीशी बसलेले अभियंता मुश्ताक पिंजारी हसले नाहीत. त्यांचा हात कळीवरच थांबला होता.

"मॅडम, यंत्राला आपण वर्ष कुठलं दिलंय?"

"दिनदर्शिकेचं. म्हणजे ऋतूंचं."

"आणि संक्रांत?"

मॅडम हळूच खाली बसल्या, पायरीवरच. "ताऱ्यांच्या वर्षाची."

"आम्हाला कळेल असं सांगा ना!" हर्षदा मागून ओरडली.

"सांगते. कॅलेंडर ऋतूंची साथ सोडत नाही. पण ताऱ्यांच्या हिशेबाने अगदी त्याच जागी यायला पृथ्वीला वर्षाला वीस मिनिटं जास्त लागतात. वीस मिनिटं म्हणजे काय गं, चहा पिऊन होतो तेवढ्यात. पण सत्तर-एकाहत्तर वर्षांत त्यांचा अख्खा दिवस होतो. १९९४ला पुरत्या एका दिवसाचाही फरक पडला नाही, म्हणून ते सापडलं. तीनशे वर्षांत मात्र..."

"चार दिवस," तेजल म्हणाली. "म्हणजे लढाईच्या जागेवर आपण अठराला पोचणार!"

"तारखा जुळवत बसलो आपण," मॅडम म्हणाल्या, "आणि जागा विसरलो."

"टाळं अठराला आणा म्हणावं!" मुश्ताकभाई फोनकडे धावले. टाळ्या पडल्या, कुणी शिट्टीही मारली. पण तेजल वाटीकडेच बघत होती.

"मग आज आपण कुठे आहोत?"

टाळ्या विरल्या.

"दहा जानेवारी, १७६१," मॅडम सावकाश म्हणाल्या. "लढाईच्या आधी चार दिवस. छावणीत. आणि ताऱ्यांच्या हिशेबाने तिथेही आज संक्रांत." त्यांनी मान वर केली. "मुश्ताक, ती खरखर नाहीये. आपण तोफा शोधत होतो, म्हणून बोलणं गाळून टाकलं."

मुश्ताकभाईंनी परत येऊन गाळणी काढली. निळा उजेड हलला आणि घुमटात थंडी आल्यासारखं वाटलं. लांबवर एक घोडा फुरफुरला. कुणीतरी खोकलं. मग अगदी जवळ, जणू तेजलच्या मांडीला मांडी लावून, एक मुलगी बोलली.

"आई, आज संक्रांत ना गं?"

"हो गं बयो."

"मग तीळ?"

"तीळ राहिले पुण्याला. ये, हात दे इकडे. किती गार पडलाय."

"पुण्याला कधी जायचं?"

"जाऊ की. चार दिवसांत होईल बघ काहीतरी."

तेजल काचेवर वाकली. "ए, ऐक ना..."

"इकडून काही जात नाही, बाळा," मॅडमनी तिच्या पाठीवर हात ठेवला. "फक्त येतं."

मुलगी आता काहीतरी गुणगुणत होती. सूर चुकत होता, मग ती स्वतःशीच हसत होती. मुलं एकेक करून बाहेर गेली. बाहेर बसचा भोंगा वाजला, वाजत राहिला. आई-पप्पा जवळ आले.

"चल तेजू," पप्पा हळू आवाजात म्हणाले. "सगळी बसमध्ये बसली. उद्या शाळा आहे."

तेजलने गाल पुसले आणि वाटीच्या कडेला मांडी घातली.

"आई, पप्पा, मी येत नाही. शाळेत काय सांगायचं ते सांगा. तिला काहीच माहीत नाही आणि मला सगळं माहीत आहे. अठरा तारखेपर्यंत मी तिच्याजवळ बसणार आहे."