कोऱ्या दिवसाची सुकट

बाबा गेले त्याच्या दुसऱ्या दिवशी आईने स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर फुली मारली, रोजच्यासारखीच. फक्त आजवर ते काम बाबा करायचे.

ते कॅलेंडर त्यांनी स्वतः आखलेलं होतं, आपल्या कादंबरीतल्या महिन्यांचं. वाशीच्या एका शाळेत लेखनिकाची नोकरी करता करता बाबा वीस वर्षं एका जाड वहीत ती लिहीत होते. तिच्यातल्या देशात सूर्य नव्हता, नुसतं धुकं. माणसं काळ वासावरून मोजत. चाळीस दिवसांचे नऊ महिने: पहिला मिठाचा, मग शेवाळाचा, ओल्या लाकडाचा, असं करत शेवटचा कुजका. त्यानंतर एकच कोरा दिवस, ज्या दिवशी कशालाच वास नसे. मेलेल्यांनाही वास नसतो, म्हणून त्या दिवशी ते जिवंतांत मिसळत आणि कोण कुठलं ते ओळखू येत नसे. आदल्या संध्याकाळी घरोघर माणसं चिमूटभर सुकट, म्हणजे सुकवलेला बारीक जवळा, अंगावर बांधून घेत. ‘वासाला परत यायला खूण लागते,’ असं बाबांनी समासात लिहिलं होतं.

मी खारघरच्या एका कॉलेजात ग्रंथपाल आहे. ती वही मी तीनदा वाचली होती आणि मला ती आवडली होती. खाडीकाठच्या करावे गावात वाढलेल्या माणसालाच हे सुचणार. खाडीला भरती आहे की ओहोटी, ते बाबा डोळे मिटून नाकाने सांगत.

तेराव्यानंतर मी आईला माझ्याकडे चौदाव्या मजल्यावर आणलं. तिने चार साड्या आणि ते कॅलेंडर आणलं. फ्रिजच्या बाजूला अडकवलं, तेव्हा कुजक्या महिन्याची पहिली फुली पडली होती.

पहिल्या आठवड्यात मोरीच्या जाळीवर करडा बुळबुळीत थर धरू लागला. रोज घासला तरी सकाळी पुन्हा. मग दुधाला तार सुटू लागली. माझ्या कंगव्याला मेलेल्या चिंबोरीचा वास येई, धुतलेल्या टॉवेलला, पाण्याच्या पेल्याला. घास तोंडाशी नेऊन मी परत ताटात ठेवायचे. मिथुन प्लंबरने पाइप उघडला, आत बॅटरी मारली आणि म्हणाला, “ताई, हा तर एकदम ड्राय आहे.” बोलताना त्याने रुमालाने नाक दाबलं होतं.

करावे गावातल्या शेजारीण राजाबाई आईला भेटायला आल्या. दारातच वास घेऊन हसल्या. “वामनदादा गेला न् लेकीच्या मोरीन खाडी सोडून गेला.” जाताना त्यांनी आईच्या हातात सुक्या जवळ्याची पुडी ठेवली. आईने फोन करून मागवली होती.

कुजक्याच्या चाळिसाव्या दिवशी संध्याकाळी आई तो जवळा पदराच्या टोकाला बांधत होती. एक चिमूट तिने माझ्यासाठी बाजूला काढून ठेवली होती.

“आई, ती गोष्ट आहे. बाबांनी रचलेली.”

“गोष्ट हाय, मंग वास कोनाचा येतय?”

मी गाठ हिसकून सोडली. आत जवळा ओला होता आणि हलत होता. बारीक पांढऱ्या अळ्या माझ्या बोटांवर चढल्या. मी बेसिनमध्ये ओकले. मग ती साडी पिशवीत घालून खाली कचऱ्यात टाकून आले. आईला कढत पाण्याने, सुगंधी साबणाने आंघोळ घातली. तिची मान, कानामागे, बोटांच्या बेचक्या घासल्या. ती लहान मुलीसारखी बसून राहिली. एकदाच म्हणाली, “तेवढी एक गाठ रव दे, बाय.”

मी अजून एक तांब्या ओतला.

दुसऱ्या सकाळी वास गेला होता. फिनाइल, चहा, तेल, कशालाच वास नव्हता. मला सर्दी झाली असावी. चाळीस दिवसांत पहिल्यांदा मी पोटभर जेवले. दुपारी आईच्या खोलीतून हळू बोलणं ऐकू आलं. मी आत गेले तर ती खिडकीशी एकटीच बसली होती. तिच्यापुढे चहाचे दोन कप होते, दोन्ही रिकामे.

त्याच्या पुढच्या सकाळी मी दुर्गंधीने जागी झाले. कुजकी मासळी, नाकाशीच. उशीच्या अभ्र्यात हात घातला. जुन्या पातळाची चिंधी आणि तिच्यात चिमूटभर जवळा. माझ्या वाटणीची गाठ. आईने ती कधी शिवून ठेवली, मला कळलं नाही.

माझ्या हातांना घामाचा वास होता. केसांना तेलाचा. स्वयंपाकघरात चहात आलं उकळत होतं, तेही नाकाला जाणवलं.

आई ओट्याशी पाठमोरी उभी होती. मी मागून तिला मिठी मारली, लहानपणी मारायचे तशी, आणि तिच्या मानेत नाक खुपसलं.

आल्याचा वास आला. गॅसचा आला. माझ्या हातावरच्या जवळ्याचा आला.

मी पुन्हा श्वास घेतला, आईचा वास शोधत. आई हलली नाही. फक्त चहा तिसऱ्या कपात ओतू लागली.