बोलवाडीच्या शाळेचं दार

"स्टंपा शाळेत, बॅट माझ्याकडं अन् बॉल सृष्टीनं हरवलेला! असली टीम अख्ख्या लातुरात नसंल!" रुद्रेश कुरकुरत चालला होता.

"हरवला न्हाई, तूच कौलांवर घातलास!" सृष्टीने त्याला ढकललं.

ही दोघं भावंडं उन्हाळ्याच्या सुट्टीत लातूरहून गुरम्मा आत्याकडे बोलवाडीला आली होती. लोहा आणि कंधारच्या मधल्या माळावरचं हे गाव. त्यांच्यापुढे दामिनी चालत होती. ती गावचीच. येत्या सोमवारी शाळा उघडली की ती सातवीत बसणार होती.

कोपऱ्यावर वळताच दामिनी थबकली.

शाळेला दार नव्हतं!

मोडलं नव्हतं की कुलूपबंद नव्हतं. नव्हतंच! निळ्या दाराच्या जागी सलग दगडी भिंत होती.

रुद्रेशने खिडकीच्या गजांना नाक लावलं. "आत सोयाबीनची पोती हायेत! पार छतापर्यंत! अन् बाकं कोपऱ्यात उलटी टाकलीत!"

"दार चोरीला जाईल एक वेळ," सृष्टी म्हणाली, "पण दाराचं भोक कसं जाईल गं?"

दामिनीचा चेहरा उतरला. "चोरी न्हाई ही. कुणीतरी पारावर बोललंय."

बोलवाडीची रीतच तशी होती. पिंपळाच्या पारावर कुणी काही बोललं आणि मोठ्या माणसांनी 'हाव' म्हटलं, की ते खरं व्हायचं. जुनी माणसं म्हणूनच फार जपून होकार द्यायची. एकेका 'हाव'साठी दुपारभर वाद घालायची. गावच्या विहिरीला पाणी लागलं ते असंच.

"मग सोपं हाय!" रुद्रेश म्हणाला. "पारावर जाऊन मी बोलतो, तुम्ही दोघी हाव म्हणा."

"बोलायला कुणीबी बोलावं. पण लहानांचं हाव धरत न्हाईत."

"हे कुणी ठरवलं?"

"मोठ्यांनीच की!"

गुरम्मा आत्या ओसरीवर तूर निवडत बसल्या होत्या. सृष्टीने विचारलं, "आत्या, शाळेचं दार कुठं गेलं?"

"काय की बाई. शुक्रवारी बैठक झाली खरी. बसलिंगप्पा अप्पा कायतरी बोलले, आम्ही हाव म्हणलो."

"काय बोलले?"

"लाईटचं असंल. माझ्या हाताला काम होतं."

दामिनी घरी धावली. तिचे वडील संघपाल सायकलचं पंक्चर काढत होते.

"बाबा, शुक्रवारी तुम्हीबी हाव म्हणलात?"

"समदेच म्हणले, म्हणून मीबी म्हणलं." ते मान वर न करताच बोलले. "आता शाळेत जाता येत न्हाई म्हणतात. लोह्याला जायला गाडी न्हाई. ह्या वर्षी घरीच ऱ्हा."

दामिनीचे कान तापले. "माझी शाळा तुम्ही घालवली, बाबा! अन् काय घालवलं ते तुम्हाला ठाऊकबी न्हाई!"

ती बाहेर आली तेव्हा रुद्रेश शाळेजवळच्या कडुलिंबावर चढला होता. "दामिनी! दार सापडलं! मागल्या भिंतीला हाय! बसलिंगप्पांच्या अंगणात उघडतंय!"

बसलिंगप्पा हे गावातले मोठे व्यापारी.

"म्हंजे शाळेचं गोदाम केलं त्यांनी!" सृष्टी संतापली. "आज सांजंला पारावर बैठक हाय. तूबी अप्पांसारखंच गुपचूप बोल, दामिनी. नकळत हाव घेऊन टाक."

"न्हाई!" दामिनीने मान झटकली. "नकळत घेतलेलं हाव उद्या अप्पा परत फिरवतील. समद्या मोठ्यांना ऐकायला लावायचं."

उन्हं उतरली आणि पारावर बैठक भरली. कुणी मोबाईलमध्ये डोकं घातलं होतं, कुणी सुपारी कातरत होतं. दामिनी उभी राहिली.

"आज ऊन लई होतं!"

"हाव," सगळे म्हणाले.

"इथल्या समद्या मिशा हिरव्या हायेत!"

"हाव!"

पोपटी, शेवाळी, कोथिंबिरीसारखी! पारावरची एकूण एक मिशी हिरवीगार झाली! बसलिंगप्पांनी मोबाईलच्या काचेत स्वतःला पाहिलं आणि ते किंचाळलेच. "हे काय केलंस गं पोरी!"

"मी कुठं केलं? तुम्हीच हाव म्हणलात!" दामिनी एक पाऊल पुढे आली. "शुक्रवारी अप्पा काय बोलले होते? सांगा की कुणीतरी!"

कुणालाच सांगता येईना.

"मी सांगतो," बसलिंगप्पा गुरगुरले. "मी म्हणलं, ही शाळा न्हाई, गोदाम हाय, अन् दार माझ्या अंगणात हाय. चोरून केलं का? समद्यांसमोर बोललो!"

गुरम्मा आत्यांनी कपाळावर हात मारला.

"आता नीट ऐका," दामिनी म्हणाली. "ही शाळा हाय, अन् शाळेचं दार शाळेच्या अंगणात उघडतं."

आणि ती थांबली.

"कुणी हाव म्हणू नका!" बसलिंगप्पा ओरडले. "पावसात माझी पोती भिजतील!"

मोबाईल खिशात गेले, सुपारीचे अडकित्ते थांबले. बऱ्याच वर्षांनी बोलवाडीची माणसं विचार करत होती. मग मागून संघपाल उठले. लेकीकडे बघत, एकेक अक्षर तोलत म्हणाले, "हाव."

"हाव," गुरम्मा आत्या म्हणाल्या. मग एकामागून एक सारा पार म्हणाला.

शाळेकडून बिजागरीचं कर्रर्र ऐकू आलं. पोरं धावत सुटली. निळं दार आपल्या जागी सताड उघडं होतं!

मागोमाग मोठी माणसं पोहोचली. "शाबास गं दामिनी!" "लातूरची पोरंबी लई हुशार!" "आमचे डोळे उघडले बघ!"

"शाबासकी ऱ्हाऊ द्या," दामिनी दारात कमरेवर हात ठेवून म्हणाली. "आधी पोती उचला. सोमवारी शाळा हाय!"

हिरव्या मिशांची माणसं मुकाट्याने कामाला लागली. पहिलं पोतं बसलिंगप्पांच्याच पाठीवर आलं. संघपालांनी कोपऱ्यातलं एक बाक सरळ केलं आणि खांद्यावरच्या गमछ्याने त्यावरची धूळ पुसली.

"ह्यातलं तुझं कोणतं गं?" त्यांनी हळूच विचारलं. "मला ठाऊक न्हाई."

दामिनीचा राग अजून पुरता गेला नव्हता. तरी तिने बाकाचं दुसरं टोक धरलं.

"खिडकीजवळचं. चला बाबा, दाखवते."