टाचेकडची वाट

आमच्या लॅब्राडॉरच्या किनाऱ्यावरचे शिकारी माझ्याच दुकानातून सामान भरून जंगलात शिरतात, आणि परतले की शेगडीपाशी बसून मनसोक्त थापा मारतात. सायलस बेअर्ड मात्र थापाड्या नव्हे.

काही वर्षांपूर्वी हिवाळ्यात एका भरदुपारी तो सापळे पाहून खोपटाकडे परतत होता. बायको ड्रुसिला आत एकटी. सहा दिवसांपूर्वी बर्फावर पडून तिचा पाय मोडलेला. वाटेत माग दिसला. तीन बोटांचा, हातभर लांब. कडा गोठून दगड झालेल्या, म्हणजे जुना. बोटं जंगलाकडे, टाचा खोपटाकडे.

त्याला हायसं वाटलं. जनावर बोटांकडे असतं. टाचेकडून ते केव्हाच निघून गेलेलं असतं. आमच्याकडे पोरंसोरंही भ्यायली की टाचेकडे चालतात.

म्हातारा झेबडी एकदा दुकानात म्हणाला होता, "तीन बोटांचं दिसलं तर टाचेकडे जाऊ नकोस रे. ते उद्याकडून कालकडे चालतं. आधी जातं, मग येतं."

"म्हणजे तुमच्या अकलेसारखं, काका!" सायलस म्हणाला, नि सगळे खदखदून हसले होते.

तो टाचेकडे निघाला. खरं तर माग आणखी जुना होत जायला हवा होता. पण कडा मऊ पडत चालल्या. ओढ्यापाशी ठशांत पाणी होतं. ओल्या लोकरीसारखा वास... खोपट दिसलं तेव्हा ठशांतून वाफ निघत होती.

शेवटचा ठसा उंबऱ्यावर. टाच आत.

"ड्रू..."

"ये की! दारात काय खांबासारखा उभा?"

ती चुलीपाशी उभी होती. दोन्ही पायांवर.

"तुझा पाय...?"

"कुठला पाय? काय झालंय त्याला?"

खाटेवर पायाला बांधलेल्या फळ्या पडल्या होत्या. गाठी न सोडलेल्या. खोपटात दुसरं कोणी नव्हतं.

त्याच पावली तो तिला किनाऱ्यावर घेऊन आला. "बायको धडधाकट मिळाली, आणखी काय हवं?" आम्ही म्हणालो.

दर हिवाळ्यात तो तिच्यासाठी बूट घ्यायला येतो. दर वेळी एक माप लहान. काल मी बायकांच्या फळीकडे हात केला, तर त्यानं मान हलवली आणि खालच्या खणाकडे बोट दाखवलं. तिथं मी शाळकरी मुलींचे बूट ठेवतो.

जाताना त्यानं हळूच विचारलं, "मालक... याहून लहान ठेवता ना तुम्ही?"